शवागारातला हंगामी

सरकारी इस्पितळाच्या शवागारात तो हंगामी म्हणून लागला, तेव्हा नुकतंच लग्न झालेलं होतं. प्रेतं धुता धुता म्हातारा झाला, पण नोकरी काही कायम झाली नाही. शेवटी बायकोच्या आग्रहाने तो कोर्टाची पायरी चढला.

न्यायाधीशबाई हळू आवाजात म्हणाल्या, "तुमच्या कामाबद्दल शंका नाही. पण तुमची भरती नियमाने झालेली नाही, आणि जागा निर्माण करणं सरकारचं काम. कोर्टाला तसा हुकूम देता येत नाही."

"मग आम्ही जायचं तरी कुणाकडे?" बाहेर आल्यावर बायकोने वकिलाला विचारलं.

दुसऱ्या दिवशी साहेबाने त्याला शवागाराच्या दारातच गाठलं. "कोर्टात गेलास ना? उद्यापासून येऊ नकोस."

आत एक बेवारस म्हातारी पडली होती. त्याने तिला अंघोळ घातली, धुतलेली चादर पांघरवली आणि मगच तो घरी निघाला.