मोठ्यानं वाचणाऱ्या ताई

छापलेलं काहीही मनातल्या मनात वाचणं म्हणजे घरच्यांना न सांगता एकट्यानं लाडू खाणं, असं मानणारी साऱ्या वऱ्हाडात एकच बाई आहे आणि ती माझी थोरली नणंद आहे. ताई वलगावजवळच्या एका खेड्यात शिक्षिका आहेत, अमरावतीत आमच्याच गल्लीत राहतात आणि दिसेल ते मोठ्यानं वाचतात. लग्नपत्रिका आली की वरपासून खालपर्यंत, 'आमच्या मामाच्या लग्नाला यायचं हं' ही ओळ तर चक्क बोबड्या आवाजात. एकदा माझ्या नवऱ्याच्या खोकल्याच्या औषधासोबतचा कागद त्यांनी असा काही थरारक वाचला, की यांनी औषधापेक्षा खोकलाच पसंत केला.

मागच्या थंडीत आम्ही दोघी एका बारशाला अकोल्याला निघालो होतो. वर्गात वाचायच्या गोष्टीचा ताईंनी नाकावरचा चष्मा नीट करत बसमध्येच सराव सुरू केला. मगर नुकतीच नावेखाली शिरली होती. मागच्या बाकावरचे एक आजोबा मूर्तिजापूरला उतरायला म्हणून पिशवी घेऊन उठले आणि तसेच उभे राहिले. कंडक्टर ओरडला, "उतरा ना बाबा!"

आजोबा परत बसले. "नावाडी वाचते का नाई, थे आयकू दे आधी. पुढच्या बोरगावचं तिकीट फाड."

वर्गातही हीच रीत. शेवटच्या तासाला चौथीला गोष्ट वाचून दाखवायची, मगरीनं जबडा उघडला की घंटा, आणि पुस्तक टेबलावरच टाकून निघायचं. "कपाटात का नाही ठेवत?" मी विचारलं.

"काहून? कोनी चोरून वाचलं तं चांगलंच हाय ना!"

त्या बारशानंतर आठवड्यातच ताईंचा घसा बसला. डॉक्टर म्हणाले, स्वरयंत्राला सूज आहे, महिनाभर एक शब्द बोलायचा नाही, नाहीतर आवाज कायमचा जाईल. घरी येऊन ताई रडल्या, तेही आवाज न करता.

दुसऱ्या दिवशी शेवटच्या तासाला त्यांनी फळ्यावर लिहिलं, 'आज गोष्ट नाही.' वर्ग हिरमुसला. तेवढ्यात पहिल्या बाकावरची एक मुलगी उठली. तिचे आईवडील धारणीकडून गावाबाहेरच्या वीटभट्टीवर कामाला आलेले. घरची बोली कोरकू, त्यामुळे वर्गात ती कधी तोंडच उघडत नसे. तिनं टेबलावरचं पुस्तक उचललं, ओळीखाली बोट ठेवलं आणि अडखळत वाचू लागली. मगर आली तसा आवाज खर्जात नेला. पान उलटताना नसलेला चष्मा नाकावर नीट केला. सारा वर्ग पुढे सरकून ऐकू लागला. ताई मात्र तोंडावर पदर धरून हसत होत्या आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. हे सगळं त्यांनी संध्याकाळी मला हातवारे करून सांगितलं. त्यांच्या मगरीनं आमचा पाण्याचा तांब्या लवंडला.

मग महिनाभर तीच वाचत राहिली. ताईंचा आवाज परतला, जरा घोगरा होऊन, तरी त्यांनी पुस्तक तिच्याकडून परत घेतलं नाही. होळीसाठी भट्टीवरची माणसं गावाकडे निघाली. थोडीच पानं उरली होती. ताईंनी पुस्तक तिलाच देऊन टाकलं. म्हणाल्या, "लहान्या भावाले वाचून दाखव."

होळी झाली तरी ती आली नाही. शेवट काय झाला, म्हणून वर्ग रोज विचारायचा. मी म्हटलं, "तुम्हाला पाठ आहे ना? सांगून टाका की."

"मले माईत हाय वं. पन थे तिनं वाचाचं हाय."

आता शाळेला सुट्टी लागली आहे. येत्या रविवारी ताई धारणीची बस धरणार आहेत. रस्ता खराब, त्यातून पोरीच्या गावाचं नावही धड ठाऊक नाही. "शोधाल कशी?" मी विचारलं.

"गावागावातून जाईन," ताई त्या घोगऱ्या आवाजात म्हणाल्या, "कोनी वाचून रायलं का, थे आयकत."

मला हसता आलं नाही. मीही येते सोबत, एवढंच म्हटलं.