कोनाले लागत नाही ते

बोरी अरबच्या बाजारात रजत ढोकेचं दुकान आहे. धंदा एकच, मरायला टेकलेले कॉम्प्युटर उठवून बसवायचे. पस्तिशीतच दमला माणूस! लोकांना नवीन मशीन घ्यायचं नसतं, पण जुनं पळायला हवं. म्हणून रजत त्यात ‘हलकी’ विंडोज टाकतो. मूळ विंडोजमधलं बरंच काही छाटून कुण्या अनोळखी माणसानं ती इंटरनेटवर ठेवली आहे. ती टाकली की चहा होईस्तोवर न उघडणारं डबडं चुटकीसरशी उघडतं. गिऱ्हाईक खूश.

रजत खूश नसतो. “याले अपडेट येत नाही. व्हायरस अडवनारा चौकीदारच काढून टाकला हाये. आत काय घुसवलं, देवाले माहीत. यावर बँकेचं काही करू नका, बाप्पा!” लोक माना डोलावतात आणि घरी जाऊन पहिलं बँकेचंच उघडतात. सांगून सांगून त्याच्या तोंडाला फेस आला.

परवा तांड्यावरचे देवसिंग लेकीचा लॅपटॉप ठेवून गेले. लेक उज्ज्वला, तिला दिसत नाही. स्क्रीनवरचं लॅपटॉप मोठ्यानं वाचून दाखवतो, ते ऐकून ती नोकरीच्या परीक्षेचा अभ्यास करते. परीक्षा आठवड्यावर आली आणि लॅपटॉप रखडायला लागला. रजतनं तिच्या नोट्स बाजूला काढल्या आणि हाताच्या सवयीनं तीच हलकी विंडोज टाकून दिली. विचार म्हणून केला नाही.

दुसऱ्या दिवशी बापाच्या खांद्यावर हात ठेवून ती आली.

“घे, पळते आता!” रजत म्हणाला.

तिनं नेहमीची बटणं दाबली. थांबली. पुन्हा दाबली.

“दादा, हा बोलत काहून नाही?”

रजतनं लॅपटॉपमध्ये सगळीकडे शोधलं. वाचून दाखवणारा आवाज नुसता बंद नव्हता, मुळापासून कापलेलाच होता.

“बनवनाऱ्यानं काढला वाटते,” तो पुटपुटला. “कोनाले लागत नाही म्हून.”

“मले लागते ना.”

ती चिडली असती तर बरं झालं असतं. रजतला स्वतःचीच लाज वाटली.

“बस, ओरिजिनल विंडोज टाकून देतो. पन पह्यल्यासारखा रखडन बरं.”

“रखडू द्या.”

ती नेटवरून उतरवायची होती, आणि बोरीचं नेट ते! बाकीची गिऱ्हाइकं बोंबलून निघून गेली, देवसिंग दोनदा चहा पिऊन आले. दिवस कलला तेव्हा कुठं लॅपटॉप बोलला, एकेका शब्दाला अडखळत. उज्ज्वलानं कान जवळ नेला आणि ती हसली.

“लय हळू हाये,” रजत थकून म्हणाला. “परीक्षेले पुरन काय?”

“जलद चालनारे मले मागं टाकूनच जातात, दादा. हा थांबते तरी.”

रजतनं चार्जर गुंडाळून तिच्या पिशवीत घातला.