बरं असल्याचं नाटक

तुरुंगाच्या दवाखान्यातल्या सिस्टरना कैद्यांनी ‘दुर्बीण’ असं नाव ठेवलं होतं. ते त्यांच्या कानावर आलं होतं आणि मनातून आवडलंही होतं, पण तसं दाखवून चालणार नव्हतं. बारा खाटा, औषधांचं एक कपाट आणि दाराशी स्टुलावर पेंगणारा शिपाई, एवढंच त्यांचं राज्य. त्या राज्यात त्यांची नजर चुकवून आजारी पडण्याची कुणाची टाप नव्हती. गरम चहा तोंडात धरून ताप आणणारे, डोळ्याला साबण लावून रडणारे, सगळे त्यांच्या हाताखालून गेले होते. लंगडत येणाऱ्याला त्या एवढंच विचारायच्या, “काल दुसरा पाय होता ना?” आणि तो गडबडून पाय बदलायचा.

या सगळ्यांचे गुरू म्हणजे टेलरमास्तर. बाहेर असताना त्यांनी एका टोळीला पोलिसांचे गणवेश शिवून दिले होते. ते घालून टोळीने भरदिवसा खोट्या धाडी टाकल्या आणि शेवटी ती खऱ्या पोलिसांच्या हाती लागली. आपण फक्त मापं घेतली, असं मास्तर चार वर्षं सांगत होते, आणि खटला काही उभा राहत नव्हता. दरम्यान आजारपणासाठी तात्पुरता जामीन मिळावा म्हणून त्यांनी नऊ अर्ज केले. एकदा हृदय गेलं, एकदा मणका, एकदा तर स्मृतीच गेली. त्या वेळी सिस्टरनी आपला उसवलेला खिसा मुद्दाम त्यांच्या नाकासमोर धरला. स्वतःचं नाव विसरलेले मास्तर ताडकन म्हणाले, “असली शिलाई कुणी घातली तुम्हाला?” झालं. नऊही वेळा कोर्टाने अहवाल मागवला आणि नऊही वेळा सिस्टरच्या नोंदी पाहून डॉक्टरांनी लिहून दिलं, प्रकृती ठणठणीत.

मग एकाएकी मास्तर दवाखान्यात फिरकेनासेच झाले. आठवडा गेला, दोन गेले. सिस्टरना करमेना. चौकशी केली तर कळलं, गडी जेवण अर्धं टाकतो आणि बसला की उजव्या कुशीला हात धरतो. त्यांनी बोलावणं धाडलं. मास्तर काळा चष्मा चढवून आले. डोळे आलेत म्हणाले, बाकी झकास. सिस्टर थर्मामीटर काढेपर्यंत ते माठाशी जाऊन आले. त्यांचे गाल फुगलेले पाहून सिस्टर समजल्या, गार पाणी तोंडात धरलंय. त्यांनी थर्मामीटर हातातच ठेवला, मास्तरांच्या लेकीची खुशाली विचारली आणि उत्तराची वाट पाहत बसल्या. शेवटी मास्तरांना घोट गिळावा लागला. थोड्या वेळाने थर्मामीटर लावला तर ताप निघाला. चष्मा काढला तर डोळे हळदीसारखे पिवळे.

पित्ताशयात खडे होते. डॉक्टर म्हणाले, औषधावर थोडे दिवस ढकलता येतील, पण ऑपरेशनला पर्याय नाही. तुरुंगात ती सोय नव्हती, आणि सोबतीला पोलीस न मिळाल्याने मोठ्या इस्पितळाच्या तारखा वर्षवर्षभर हुकत. राहिला जामीन. पण जन्मभर कात्री चालवलेले मास्तर स्वतःवर कात्री चालणार म्हटल्यावर पार गळाले. याच धास्तीने तर त्यांनी दुखणं लपवलं होतं. जामिनाच्या अर्जावर सही करणार नाही म्हणाले. तब्येत दाखवायला डॉक्टरांपुढे उठाबशा काढू लागले आणि चौथ्या उठाबशीला खाटेवर बसले ते बसलेच.

भेटीच्या दिवशी सिस्टरनी त्यांच्या बायकोला गाठून सगळं सांगितलं. बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं आणि जाळीपाशी गेल्या. “अहो, सही करा. नाहीतर तुमचं मशीन समोरच्या टेलरला देऊन टाकते. परवाच विचारून गेलाय.”

मास्तरांनी सही केली. बाहेर पडताना बाई सिस्टरना हळूच म्हणाल्या की कुणी विचारायला वगैरे आलं नव्हतं.

आता सिस्टरना वेगळाच घोर लागला. आपलेच नऊ कागद आपल्याला नडणार, हे त्यांना दिसत होतं. आणि झालंही तसंच. न्यायाधीशबाईंनी जुने अहवाल एकेक करून उलटले, नोंदवही घेऊन आलेल्या सिस्टरना समोर बोलावलं आणि चष्म्यावरून पाहिलं.

“नऊ वेळा तुमच्या नोंदी सांगतात, हा माणूस नाटक करतो. मग आजच विश्वास का ठेवायचा?”

“साहेब, नाटक तो आजही करतोय,” सिस्टर म्हणाल्या. “पण या वेळी बरं असल्याचं.”

मागे मास्तर छाती काढून उभे राहिले. आपण अगदी ठीक आहोत, हे वाक्य त्यांना पुरं करता आलं नाही. एक हात कठड्यावर गेला, दुसरा कुशीवर. न्यायाधीशबाईंनी क्षणभर पाहिलं आणि सहा आठवड्यांचा जामीन लिहिला. हमी बायकोची.

ऑपरेशन सुखरूप झालं. सहा आठवडे भरले त्या दिवशी मास्तर वेळेआधी तासभर फाटकात हजर. अंगावर मूठभर मांस चढलेलं. आत शिरताच सदरा वर करून त्यांनी कैद्यांना व्रण दाखवला आणि टाके सरळ घातले होते, पण शेवटची गाठ कच्ची मारली होती, असा शेरा दिला.

बायको फाटकाबाहेर रेंगाळत होती. सिस्टर दिसताच जवळ आली. “ते आठवडे वाढवून मिळतात का हो?”

“मिळतात. पण त्यासाठी आजारी असावं लागतं.”

बाईंनी आत नजर टाकली. मास्तर तिसऱ्यांदा सदरा वर करत होते. “मग राहू द्या,” त्या म्हणाल्या, आणि पुढच्या भेटीचा वार विचारून घेतला.