स्यमंतकाचा आळ

त्या माणकाचा तपास आठवला की आजही मान खाली जाते. चूक माझी होती, हे आधीच लिहून टाकतो.

सदाशिव पेठेतल्या एका प्रतिष्ठित घरी गणपतीच्या कपाळावर पिढीजात माणिक मेणाने चिकटवत. चतुर्थीची पूजा सांगून गुरुजी गेले. संध्याकाळी सुकलेली फुले काढताना कपाळ रिकामे दिसले. शेजाऱ्याने चौकीवर फोन केला, "गुरुजी घाईघाईने पिशवीत काहीतरी कोंबत होते."

उपनिरीक्षक म्हणून मी घराची झडती घेतली. निर्माल्याच्या परडीला मात्र हात लावला नाही. देवाची फुले म्हणून लांबूनच नमस्कार केला. दुसऱ्या दिवशी गुरुजींना त्या घराच्या इमारतीच्या अंगणात, आरतीला जमलेल्या लोकांसमोर गाठले आणि पिशवी फरशीवर उलटी केली. सुपाऱ्या, जानवी, पळी, ओला पंचा. माणिक नव्हते. तरी चौकीत आणले.

गुरुजी दर चतुर्थीला स्यमंतक मण्याची कथा सांगत. मणी सिंहाने नेला, सिंहाला मारून जांबवानाने गुहेत ठेवला आणि चोरीचा आळ आला कृष्णावर. मला तेच सुचले.

"कृष्णाने मणी आणून दिला होता, गुरुजी. आपण कधी देताय?"

हवालदार हसले.

"अहो साहेब, कृष्णाला रानात जाऊ दिलं होतं. मला तुम्ही या बाकावरून उठू देत नाही."

पुरावा नव्हता. जबाब घेऊन सोडले.

दिवाळीच्या सुमारास त्या घरच्या बाईंनी बोलावले. निर्माल्य त्या जास्वंदीच्या कुंडीत घालत. माती उकरताना माणिक हाती लागले होते. समईच्या धगीने मेण सुटून ते फुलांत पडले असणार. यजमान म्हणाले, "मिळालं ना? आता उगाच वाच्यता नको." मी कागदोपत्री प्रकरण मिटवले आणि गप्प बसलो. गुरुजींच्या हातून यजमानांची घरे एकेक करून सुटली. "आम्ही दुसरे गुरुजी बघितलेत," एवढेच त्यांना ऐकवले जाई.

परडीपुढे हात जोडले आणि पिशवी उलटी केली, तिथेच तपास फसला. कृष्णाने मणी शोधला म्हणून त्याचा आळ फिटला. गुरुजींसाठी शोधणे माझे काम होते; सापडल्यावर सांगणेही.

निवृत्तीनंतर त्यांच्या खोलीवर गेलो. मी तोंड उघडताच ते म्हणाले, "इथे कशाला सांगताय? पिशवी अंगणात उलटी केली होती."

यंदाच्या चतुर्थीला त्यांना घेऊन त्याच अंगणात गेलो. तेव्हाचे बघणारे निम्मेही उरले नव्हते. आरती संपल्यावर मी मोठ्याने बोललो, "माणिक निर्माल्यात होतं. गुरुजींनी काहीही घेतलं नव्हतं. मला ते कळलं होतं, तरी मी कुणाला सांगितलं नाही. गुरुजी, मला माफ करा."