गोदाचा हवापालट आणि माझा संशय

अकोल्याच्या डॉक्टरांनी औषधाची बाटली न देता हवापालट सांगितला, तेव्हाच मला शंका आली. हिवतापानं माझी बायको गोदा पार उतरली होती. ताप गेला तरी अन्न जात नव्हतं. दिवसभर भिंतीकडे तोंड करून पडलेली. काळजीनं माझा जीव टांगणीला, आणि उपाय काय, तर माहेरच्या शेतावरची मोकळी हवा! तरी निघालो.

आगगाडीनं जऊळक्याला उतरावं. पिण्याचं पाणी घरचंच घ्यावं. स्टेशनवरच्या पाण्याचा मला भरवसा वाटला नाही. पुढे काळ्या मातीतली वाट, बैलगाडीत हाडं खिळखिळी होतात. गाडीवान भाडंच घेईना.

"गावच्या लेकीचं भाडं घेतेत का, जावईबापू?"

एवढी माया कशासाठी, याचाच मी वाटभर विचार करत होतो.

मेहुणे नामदेवराव मला खाटेवरून उठू देईनात. ज्वारीची भाकरी, वांग्याची भाजी, वरण, सगळं झकास. गोदा मात्र इथंही घरात ताटाला शिवत नसे, तरी चार दिवसांत तिच्या गालांवर तकाकी आली! दुपारी ती दिसायची नाही. विचारलं की मेहुणे नजर चुकवून म्हणत, "हवा खाऊन राह्यली." हे लोक भगताला गाठून तिला काहीतरी चारताहेत, अशी माझी खात्रीच झाली.

एका दुपारी तिच्या मागोमाग गेलो. कपाशीच्या वावरात बायकांच्या रांगेत गोदा कमरेला ओटी बांधून कापूस वेचत होती. मग बांधावर बसून त्यांच्याच फडक्यातली भाकर नि ठेचा खाल्ला, आणि कशावरून तरी खळखळून हसली. किती महिन्यांनी! तरी मी कडाडलोच, "आजारी माणसाला कामाला जुंपता?"

वावरातच उभ्या असलेल्या मेहुण्यांनी हात जोडले. "जावयाच्या घरची बाई वावरात राबवली म्हनून तुमी रागावसान, म्हनून लपवलं. तिनंच हट्ट धरला."

"अवो, त्याले काहून बोलता?" गोदा म्हणाली. "हवा-बिवा मले काही समजत नाही. इथं मले कोनी 'पडून राह्य' म्हनत नाही, बस."

अकोल्यात तसं म्हणणारा मीच. मला फार वाईट वाटलं.

आता घरी परतलोय. गुण हवेचा, भाकरीचा की त्या बायकांच्या संगतीचा, माझी शंका फिटलेली नाही. जाणाऱ्यांनी वेचणीच्या दिवसांत जावं, आणि आजाऱ्यावर पहारा करू नये.

काल कचेरीतून आलो तर खाट रिकामी. तसाच मागच्या दारी धावलो. गोदा परसात माती उकरून वांग्याची रोपं लावत होती. 'पडून राहा' अगदी ओठांवर आलं होतं. ते गिळलं आणि विहिरीवरून कळशी भरून आणली.