एतलप्पाचं घराणं

हेळवी अप्पा आमच्या घरी यायचा तेव्हा आधी आमच्या मेलेल्या माणसांना हाका मारायचा. गल्लीच्या तोंडाशी बैल थांबवून, डोळे मिटून सुरू करायचा, "मायप्पाचा बिराप्पा, बिराप्पाचा लिंगाप्पा, लिंगाप्पाचा सिद्राम..." असं खाली उतरत उतरत माझ्या वडिलांपर्यंत आला की मगच डोळे उघडून विचारायचा, "धुळाप्पा हाय का घरात?" जिवंत माणसाची चौकशी सगळ्यात शेवटी. घरातल्या बाया तोवर सुपात ज्वारी घेऊन दाराशी उभ्या असत.

आमच्याकडे ज्यांच्या घरी हेळवी येतो त्यांना हे सांगायला नको. इतरांसाठी एवढंच, की हेळवी म्हणजे घराघराची वंशावळ सांभाळणारा माणूस. आम्ही मूळचे मेंढरंवाले, आता कन्नड मुलखाच्या काठावर, हुमनाबादजवळच्या दुबलगुंडीत शेती करणारे. आमच्या चाळीसेक घरांचा हेळवी हाच. दोन-तीन वर्षांतून एकदा सुगी संपली की यायचा. बैलावर बसलेला, पायांवर घोंगडी पांघरलेली. त्यांचा मूळ पुरुष पांगळा होता म्हणून पाय झाकायचे, अशी रीत. अप्पाचे पाय मात्र धडधाकट होते, आणि ओट्यावर चढायची वेळ आली की घोंगडी बाजूला टाकून तो पोरासारखा उडी मारायचा. वडील म्हणायचे, "हळू, पांगळ्या!" तो म्हणायचा, "लिहायला बसल्यावर पांगळा. चढताना न्हाई."

घोंगडीखालून लाल कापडात बांधलेली वही निघायची. लांबट, जाड, कन्नडात लिहिलेली. मागच्या खेपेनंतर घरात कोण जन्मलं, कोण गेलं, लेक कुठं दिली, सून कुठून आणली, हे तो विचारून लिहायचा आणि शेवटी सगळ्या आळीला मोठ्यानं वाचून दाखवायचा. महत्त्वाची गोष्ट तीनदा विचारायचा, तीन भाषांत. "मक्कळु? लेकरं? बालबच्चे?" एकदा मी विचारलं, तीनदा कामून? म्हणाला, "एका भाषेत मानूस विसरतो. दुसऱ्या भाषेत आठवतंय. तिसऱ्या भाषेत खोटं बोलायला जड जातंय."

मी हुमनाबादला बी.ए.ला होतो तेव्हाची गोष्ट. इतिहास घेतला होता आणि डोक्यात हवा होती. अप्पा ओट्यावर बसून फुशारकी मारत होता की कुठलंबी घर सांगा, मी धरून ठेवतो. मी म्हणालो, "राजाचं घर धराल?"

"कुठला राजा?"

"इंग्रजांचा. हजार-अकराशे वर्षांमागचा."

"राजालाबी बापच असतोय की. सांग."

मी आतून कॉलेजचं पुस्तक आणलं. वेसेक्स नावाच्या मुलुखाचा राजा एथेलवुल्फ. बाप एग्बर्ट. बायको ऑस्बर्ग. मुलं पाच: एथेलस्टन, एथेलबाल्ड, एथेलबर्ट, एथेलरेड आणि धाकटा आल्फ्रेड. सगळे ओट्यावर हसत होते. अप्पा गंभीरपणे लिहीत होता. राजाचं नाव त्याच्या तोंडात बसेना, म्हणून त्यानं आपल्या पद्धतीनं ते एतलप्पा असं करून घेतलं. पाच नावं झाल्यावर त्यानं लेखणी उचलली नाही.

"लेक न्हाई?"

होती. मी वाचायची सोडली होती. "एथेलस्विथ," मी म्हणालो.

"लेकीला सोडून कामून वाचायलास? कुठं दिली?"

"शेजारच्या राजाला. मर्सियाच्या."

"हं. जवळच दिली," असं म्हणून त्यानं तेही लिहिलं.

मला वाटलं, गंमत संपली. दोन वर्षांनी तो आला, आमच्या घरातलं जन्ममरण लिहून झालं, आणि वहीचं पान उलटून त्यानं मला विचारलं, "एतलप्पाच्या घरात काय नवीन?"

सगळी आळी हसली. वडील म्हणाले, "आरं, ती मेलेली मानसं हायत. काय नवीन असंल?" अप्पा हसला नाही. "एकदा पान उघडलं की विचारावं लागतंय," म्हणाला. त्याच्या हिशेबी ते घर सांगणारा मी होतो, आणि सांगणारा आहे तोवर विचारणं त्याचं काम होतं. माझ्या चेष्टेला त्यानं असं काम लावून टाकलं.

मग मीही तयारीनं बसू लागलो. एका खेपेला सांगितलं की त्या राजाच्या लोकांनीही त्याची वंशावळ मागं नेत नेत थेट आदमापर्यंत पोचवली होती. मधला एक पूर्वज तर प्रलयाच्या वेळी नावेतच जन्मला, असं लिहून ठेवलंय. अप्पाचे डोळे चमकले. "म्हंजे तिथं आमचा कुनीतरी होता की! अशी नावं हेळव्याशिवाय कोन सांगनार?"

दुसऱ्या एका खेपेला राजाच्या यात्रेचं सांगितलं. म्हातारपणी राजा रोमला देवदर्शनाला गेला. लहानग्या आल्फ्रेडला बरोबर घेतलं आणि घरचं राज्य एथेलबाल्डच्या हाती दिलं. वर्षभरानं परत येताना वाटेत त्यानं फ्रँकांच्या राजाची कोवळी पोर, ज्यूडिथ, लग्न करून आणली. इकडे मुलगा राज्य परत देईना. लढाई व्हायची वेळ आली. तेव्हा बापानं चांगला पश्चिमेचा मुलूख मुलाला ठेवू दिला आणि आपण पूर्वेचा हलका भाग घेऊन गप्प बसला.

अप्पानं लेखणी खाली ठेवली. मग म्हणाला, "बाप शहाना. पोराशी भांडून जिंकला असता तरी कुनाचं जिंकनार?" थोड्या वेळानं पुन्हा म्हणाला, "पन पोरगं झोपत असंल का रे?"

राजा मेल्यावर त्याच पोरानं सावत्र आईशी, म्हणजे त्या ज्यूडिथशी लग्न केलं, हे सांगितल्यावर तो बैठक सोडून उठलाच. दाराबाहेर जाऊन तंबाखू थुंकून आला. मी म्हणालो, "अप्पा, हे गाळा." तो म्हणाला, "गाळायला मी कोन? चारचौघांत वाचायचं काय ते मी ठरवतो. लिहायचं काय ते घर ठरवतंय. घरानं सांगितलं, मी लिहिनार." आणि त्यानं लिहिलं.

पुढं मास्तर झाल्यावर ही गोष्ट मी पुष्कळ वर्षं वर्गात रंगवून सांगितली. पुढचं मात्र मी कुणालाही सांगितलेलं नाही.

माझा थोरला भाऊ सिद्राम, पूर्वजाचंच नाव ठेवलेला. मी त्याला अण्णा म्हणायचो. तो जहिराबादला एका कारखान्यात कामाला गेला आणि तिथल्या तेलुगू बोलणाऱ्या, दुसऱ्या जातीच्या बाईशी त्यानं लग्न केलं. वडिलांनी त्या दिवसापासून त्याचं नाव घेतलं नाही. सहा वर्षांनी निरोप आला की अण्णा काविळीनं गेला. वडील उठले नाहीत. मी एकटा गेलो. मी पोचेपर्यंत सगळं आटोपलं होतं. एका खोलीचं घर. उंबऱ्यावर चार वर्षांची पोर ताटलीतला भात बोटांनी गोळा करून खात होती. कपाळ हुबेहूब अण्णाचं. वहिनीनं माझ्याजवळ काही मागितलं नाही. मी निघताना फक्त म्हणाली, "घर में बोलो, इसका नाम रेणुका है."

मी मान हलवली. घरी आलो. वडिलांनी भिंतीकडे तोंड करून विचारलं, "मागं कुनी हाय?" मी म्हणालो, "न्हाई."

का म्हणालो, ते सांगतो. आमची आठ एकर काळी जमीन होती, दोघा भावांत. माझं लग्न झालं होतं, बायको पोटुशी होती, नोकरी पक्की नव्हती. दुसरं कारण नाही. वडिलांना त्रास नको म्हणून, असं मी पुढं स्वतःला सांगत आलो. ते खरं नाही.

वडील त्याच वर्षी गेले आणि सुगीनंतर अप्पा आला. गल्लीच्या तोंडाशी नावं घेत वडिलांपर्यंत आला आणि थांबला. त्याला वाटेतच कळलं होतं. ओट्यावर बसून त्यानं वडिलांचं लिहिलं. मग अण्णाच्या नावावर बोट ठेवलं.

"सिद्रामबी गेला म्हनतात."

"व्हय."

"मक्कळु?"

"न्हाई."

"लेकरं?"

"न्हाई, अप्पा."

त्यानं वर पाहिलं. "बालबच्चे?"

"न्हाई म्हनलं ना."

जड गेलं नाही. हे मला लिहायला हवं, कारण अप्पाचं म्हणणं तेवढं चुकलं. तिसऱ्या भाषेतही खोटं अगदी सहज निघालं. त्यानं लिहिलं, वही मिटली, आणि त्या दिवशी आमच्या आळीत मोठ्यानं वाचलं नाही. घसा बसलाय म्हणाला. पुढं पटवाऱ्याला वारसांची वंशावळ द्यायची होती तेव्हा गावातल्या थोरांनी हेच सांगितलं की हेळव्याच्या वहीत बी तसंच हाय. आठही एकर माझ्या नावावर चढली.

त्यानंतर अप्पा सहा-सात वेळा आला असेल. माझ्या दोन्ही मुलांची नावं त्यानं लिहिली. मी हायस्कुलात मास्तर झालो, तेव्हापासून मला "धाकल्या" म्हणायचं सोडून "मास्तर" म्हणू लागला. एतलप्पाच्या घराची चौकशी चालूच होती. एकामागून एक चार भाऊ कसे गादीवर बसले, शेवटी धाकटा आल्फ्रेड कसा सगळ्यांत मोठा राजा ठरला, हे त्याला पाठ झालं होतं. एका खेपेला पानावरून बोट फिरवत तो म्हणाला, "चार भाऊ झाले. पैला कुठं हाय? थोरला?"

"एथेलस्टन? तो बापाच्या हयातीतच पूर्वेकडं राज्य करायचा. पुढं त्याचं नाव येत नाही."

"मेला?"

"मेला असेल. लिहिलेलं नाही."

"लेकरं?"

"तेही लिहिलेलं नाही."

"मोठ्या राजाचा थोरला, आन् लिहिलं न्हाई? लिहिनारा कोन होता?"

मी सांगितलं, जे खरं आहे ते. त्या घराण्याची बखर आल्फ्रेडच्या काळात लिहून काढली गेली. धाकट्याच्या.

"धाकट्याच्या वेळेला," अप्पा म्हणाला. "मग बरोबर हाय."

बायकोनं चहा आणून ठेवला. त्यानं बशीत ओतून, फुंकर मारून प्याला. मी समोर बसून होतो. मला काही वाटलं नाही, एवढंच आठवतं. हात मांडीवर होते, ते कुणा दुसऱ्याचे असावेत असे दिसत होते. त्याला ठाऊक होतं का? चाळीस घरं फिरणारा माणूस, जहिराबादच्या बाजारातही जाणारा. ठाऊक असेलही. मी विचारलं नाही आणि तोही पुन्हा बोलला नाही.

शेवटच्या खेपा त्यानं मुलाच्या मोटरसायकलवरून केल्या. गुडघे खरंच गेले होते. "आता पाय झाकायला लाज न्हाई वाटत," म्हणायचा. लोक ज्वारी द्यायचे, पण नावं ऐकायला थांबत नव्हते. आळीतली पोरं मोबाइलवर त्याचं चित्रीकरण करायची आणि दुसऱ्या पिढीतच बंद करायची. तो मात्र सगळ्या पिढ्या पुऱ्या करायचा. गेल्या वर्षी तो गेला. मला कळलं तेव्हा तेराव्यालाही पुष्कळ दिवस होऊन गेले होते.

यंदा त्याचा मुलगा शरणप्पा एकटाच आला. जुन्या वह्यांचा भुगा होतोय, नव्यात उतरवून घेतोय, म्हणून घराघरात बसून वाचून घेत होता. आमचं पान काढलं. मी कन्नड वाचतो. मला आत कुठंतरी आशा होती, आज कबूल करतो, की अप्पानं मला न सांगता ते नाव लिहून ठेवलेलं असेल. म्हणजे मला काही करायला नको. पानावर अप्पाच्या अक्षरात होतं, 'सिद्राम. मक्कळु इल्ल.' लेकरं नाहीत. मी सांगितलं होतं तसंच. त्यानं त्यात काडीचाही फरक केलेला नव्हता.

मी शरणप्पाला म्हणालो, "हे चुकीचं आहे. त्याला एक मुलगी आहे. रेणुका."

तो लिहिता लिहिता थांबला. "कुनी सांगितलं होतं, न्हाई म्हनून?"

"मी."

आतल्या दारात बायको उभी होती. ती म्हणाली, "आता कामून? बावीस वर्सं झाली."

शरणप्पा म्हणाला, "काका, आमच्यात खोडत न्हाईत. जुनं तसंच ऱ्हातंय. खाली लिहितो." त्यानं लिहिलं. मग विचारलं, "कुठं दिली तिला? लेकरंबाळं?"

"माहीत नाही."

"मग विचारून या की. सोमवारपर्यंत मी हितंच हाय."

शनिवारी मी जहिराबादला गेलो. नाडकचेरीत, म्हणजे आमच्याकडच्या महसूल कचेरीत, नवी वंशावळ मागण्याचा अर्ज तयार करून पिशवीत घेतला होता. अण्णाच्या वाट्याची चार एकर रेणुकाच्या नावे व्हावी, तिची सही लागेल. ती जुनी खोली पडली होती. शेजाऱ्यांनी पुढच्या वस्तीतलं घर दाखवलं. दार रेणुकानंच उघडलं. मी नाव सांगितलं. ती बाजूला झाली नाही. "अम्मा बोलती थी, एक चाचा है बोलके," एवढंच म्हणाली. अम्मा तीन वर्षांमागं गेली होती. कपाळ तेच होतं.

मी अर्ज पुढं केला. तिनं घेतला, वाचला नाही, दाराच्या कडेला ठेवला. मी नवऱ्याचं नाव विचारलं, मुलांची विचारली. दोन मुलं, एक मुलगा, एक मुलगी. बसच्या तिकिटामागं मी ती लिहून घेऊ लागलो.

"कायकू लिख रहे?"

"घरात लिहून ठेवतात. आपल्या घराच्या वहीत," मी म्हणालो, आणि मग तिच्या भाषेत पुन्हा सांगितलं.

"कौनसे घर के?"

मी गावाचं नाव सांगितलं. तिला ते नीट ऐकू आलं नाही की काय, कोण जाणे. अप्पासारखं तिनं मला ते पुन्हा म्हणायला लावलं.