थोरल्यांचा आवाज

लेखनिकांच्या संघात तिला सगळे डावरी म्हणत. डाव्या हाताने लिहायची म्हणून, आणि जरा वाकड्यात शिरायची म्हणूनही. नेमणूक दुखण्यांच्या दालनात. सुजलेला गुडघा, ठणकणारी दाढ, धरलेली पाठ. बारीक कुंचल्याने वर अक्षर काढायचं, शाई अंगावर असेतो दुखणं गप्प. शेजारच्या दालनातले लोक पुलांच्या तुळयांवर भार पेलणारी अक्षरं लिहीत आणि दुखण्यांच्या दालनाला हसत. तुळईला गुदगुल्या होत नाहीत, त्यामुळे त्यांचं काम सोपं, असं डावरी म्हणायची.

तिचे वडीलही एके काळी तुळयांवरच लिहीत. ती लहान असताना एक पूल कोसळला, माणसं गेली. चुकीचं अक्षर लिहिलं होतं ते त्यांच्या वरच्या लेखनिकाने, पण भर सभेत त्याने बोट दाखवलं वडिलांकडे. संघाने त्यांचं अक्षर उतरवलं. म्हणजे हात राखेच्या पाण्यात बुडवून त्यातली शक्ती काढून घेतली आणि भिंतीवरचं त्यांचं नाव खरवडून टाकलं. त्यानंतर त्यांनी काहीही लिहिलं की शाई कागदावरून ओघळून जाई. लेकीला मुळाक्षरं गिरवायला द्यायची, तर तीही आईला काढून द्यावी लागत. त्या माणसाने हाय खाल्ली आणि काही वर्षांत गेला. आई लेकीला घेऊन माहेरी आली, आणि डावरी पुढे संघात शिरली ती आजोबांचं आडनाव लावून. बोट दाखवणारा तोवर संघाचा प्रमुख झाला होता. त्याला सगळे थोरले म्हणत.

ती काही करायला गेली नाही. कामात चोख राहिली आणि थोरले समोरून गेले की मान लववत राहिली. मग एका हिवाळ्यात थोरल्यांचा घसा बसला तो बसलाच. वैद्य थकले. शेवटी दुखण्यांच्या दालनातून डावरीला बोलावणं आलं. तिने त्यांच्या गळ्यावर अक्षर काढलं आणि थोरल्यांच्या तोंडून खणखणीत आवाज निघाला.

अंगावरच्या अक्षराचे दोन नियम सगळ्यांना पाठ होते. पहिल्यांदा ज्या हाताने काढलं, त्याच हाताचं ते पुढेही मानतं. आणि जबरदस्तीने लिहून घेतलेलं अक्षर बसत नाही. हे दोन्ही नियम ठाऊक असूनच डावरीने कुंचला उचलला होता. वर्षभर ती रोज सकाळी पुसलेलं अक्षर पुन्हा काढायला थोरल्यांच्या घरी गेली. ते सुनेवर खेकसत, मुलाला अक्कल शिकवत, संघातल्या लोकांना फैलावर घेत, आणि ती ऐकत राही. आवाजाची त्यांना नीट चटक लागू दे, असं तिच्या मनात होतं.

एके सकाळी त्यांनी सवयीने हनुवटी वर केली. तिने कुंचला खाली ठेवला आणि वडिलांचं नाव घेतलं.

"मी त्यांची मुलगी," ती म्हणाली. "सभेत उभं राहून सांगा, तो पूल कुणाचा होता. तोवर हे बंद."

थोरल्यांनी पाटी ओढून घेतली, धमक्या लिहिल्या, मग आमिषं लिहिली. तिने वाचायचीही तसदी घेतली नाही. मात्र रोज सकाळी नेमाने येई, समोर बसे आणि विचारी, "आज?" ते मान हलवून नाही म्हणत. ती उठे.

घर बदलत गेलं. सासरे जणू बहिरेच झालेत, अशी सूनबाई त्यांच्या कानात ओरडू लागली. मुलगा त्यांच्या देखत त्यांच्याविषयी बोले, जणू ते खुंटीवर टांगलेला कोट. पाटीवर रागाने काही लिहावं, तर ती वाचायला कुणी थांबत नसे. डावरी हे सगळं डोळे भरून पाही आणि घरी जाऊन पोटभर जेवे.

उन्हाळा लागला तेव्हा थोरल्यांनी एकदाची मान होकारार्थी हलवली. पाटीवर फक्त एवढंच लिहिलं: मग रोज लिहिशील? ती हो म्हणाली.

सभेआधी तिने त्यांच्या गळ्यावर अक्षर काढलं आणि सभेत त्यांच्या शेजारी ओलं फडकं घेऊन बसली. थोरल्यांनी सुरुवात केली ती स्वतःच्या सेवेपासून. मग जुन्या काळच्या अडचणींवर आले, वाऱ्यापावसावर आले. डावरीने फडकं त्यांच्या गळ्याजवळ नेलं. ते थबकले.

"पुलावरचं अक्षर माझं होतं," ते म्हणाले. "त्याचा काही दोष नव्हता. मला माहीत होतं."

त्याच आठवड्यात त्यांची खुर्ची गेली आणि वडिलांचं नाव भिंतीवर पुन्हा लिहिलं गेलं. आईने त्यावरून बोट फिरवून पाहिलं. शाई ओघळली नाही.

सभेच्या दुसऱ्या दिवशी डावरी घरी आली नाही, तेव्हा थोरले स्वतः दुखण्यांच्या दालनात आले, रांगेत बसले. पाळी आल्यावर गळपट्टा सोडून त्यांनी हनुवटी वर केली. डावरीने त्यांच्या डोक्यावरून पाहत पुढच्या माणसाला हाक मारली.

नव्या प्रमुखाने तिला समजावून पाहिलं. शिक्षा झाली आहे, आता माणुसकी धर, म्हणाला. मन होत नाही, आणि मनाविरुद्ध काढलं तर बसायचं नाही, एवढंच तिने सांगितलं.

आईच्या कानावर गेलंच. संध्याकाळी पोळ्या लाटता लाटता तिने विचारलं, "तू शब्द दिला होतास ना?"

"दिला होता."

"मग?"

"बाबांना त्याने सांगितलं होतं, सभेत गप्प बस, मी सांभाळून घेतो. ते गप्प बसले. तूच सांगितलंस मला हे."

आईने लाटलेली पोळी तव्यावर टाकली. मग म्हणाली, "त्यांना हे आवडलं नसतं."

"नसतंच," डावरी म्हणाली. "ते माझ्यापेक्षा चांगले होते."

थोरले पानगळीपर्यंत येत राहिले. रांगेतले लोक त्यांना पुढची जागा देत आणि डावरी त्यांच्या मागच्याला बोलावी. लोकांना वाटे, हिला आतून कुठेतरी टोचत असेल. तसं काही नव्हतं. ती सकाळी वेणी घालताना गुणगुणायला लागली होती. लहानपणानंतर आईने ते पहिल्यांदाच ऐकलं, आणि ऐकून तिला बरं वाटलं नाही.